दुर्गा खोटे : पहिली दहा वर्षे

दुर्गा खोटे (१९०५–१९९१) यांची पडद्यावरची कारकीर्द १९३१ मध्ये सुरू झाली आणि अर्धशतकाच्या आसपास चालली. ‘मुगल-ए-आझम’मधली जोधाबाई किंवा पुढच्या हिंदी चित्रपटांतली करारी आई, प्रेमळ आजी अशीच त्यांची ओळख बहुतेक प्रेक्षकांच्या मनात आहे. मात्र त्यांचे ऐतिहासिक महत्त्व या उत्तरार्धात नाही. ते १९३१ ते १९४१ या पहिल्या दहा वर्षांत आहे. बाईने सिनेमात काम करावे की नाही, हा वाद मराठी समाजात त्या वेळी ऐन भरात होता आणि त्याच काळात हे काम रीतसर व्यवसाय म्हणून उभे राहिले.

या वादाचे मूळ रंगभूमीत होते. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगलीला ‘सीतास्वयंवर’ केले, तेव्हापासून मराठी नाटकात सीता, द्रौपदी, तारामती या भूमिका पुरुषच करत आले. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘संगीत शाकुंतल’ने १८८० मध्ये संगीत नाटकाचे युग सुरू केले, तरी ही प्रथा बदलली नाही. उलट भाऊराव कोल्हटकर आणि त्यांच्यानंतर बालगंधर्व यांच्यामुळे स्त्रीपार्ट ही स्वतंत्र, प्रतिष्ठेची कला झाली. बालगंधर्वांचे लुगडे नेसणे, अंबाडा घालणे, दागिने ल्यायची पद्धत यांचे अनुकरण प्रतिष्ठित घरांतल्या स्त्रिया करत. घरातल्या बाईने कसे दिसावे हे पुरुष नटाकडून शिकायला हरकत नव्हती. त्या बाईनेच रंगमंचावर उभे राहणे मात्र कुळाला बट्टा लावणारे मानले जाई. स्त्रियांच्या नाटक मंडळ्या अधूनमधून निघत. त्यांतल्या कलावंत बहुधा गाण्याबजावण्याच्या परंपरेतल्या असत आणि समाज त्यांच्याकडे त्याच नजरेने पाही.

१९१३ हे वर्ष या दृष्टीने मोठे मौजेचे आहे. त्या वर्षी मे महिन्यात दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईत गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात लागला. तारामतीसाठी बाई मिळावी म्हणून फाळक्यांनी बरीच खटपट केली, पण कोणी तयार होईना. शेवटी ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात काम करणारा अण्णा साळुंके हा तरुण तारामती झाला. पुढे ‘लंकादहन’ (१९१७) मध्ये याच साळुंक्यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. ‘राजा हरिश्चंद्र’च्याच वर्षी बालगंधर्व, गणेशराव बोडस आणि गोविंदराव टेंबे यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली आणि स्त्रीपार्ट वैभवाच्या शिखरावर पोहोचला. आणि त्याच १९१३ मध्ये फाळक्यांनी ‘मोहिनी भस्मासुर’चे चित्रण केले. त्यात पार्वतीची भूमिका दुर्गाबाई कामत यांनी केली आणि मोहिनी झाली त्यांची किशोरवयीन मुलगी कमला. भारतीय कथापटात स्त्रीची भूमिका स्त्रीने पहिल्यांदा केली, ती इथे.

दुर्गाबाई कामत पतीपासून वेगळ्या झाल्या होत्या. लेकीला घेऊन फिरत्या नाटक मंडळीत काम करून त्या पोट भरत होत्या. कमलाने अगदी लहानपणापासून रंगमंचावर कामे केली होती. पुढे रघुनाथराव गोखले यांच्याशी विवाह होऊन ती कमलाबाई गोखले झाली. चंद्रकांत गोखले हे तिचे पुत्र आणि विक्रम गोखले हे नातू. एवढ्या मोठ्या अभिनय-घराण्याची मूळ स्त्री असूनही तिच्या पहिल्या चित्रपटाने समाजात कुठलेही दार उघडले नाही. मायलेकी आधीच नाटकवाल्या होत्या. त्यांनी सिनेमात काम केले म्हणून कोणाला धक्का बसला नाही आणि त्यांचे पाहून दुसऱ्या कोणाला धीरही आला नाही. दुर्गा खोटे यांना सरसकट ‘पहिली अभिनेत्री’ म्हणण्याची चूक अनेकदा होते. कमलाबाईंनंतर अठरा वर्षांनी त्या आल्या. नवे होते ते त्यांचे घर.

फ्रान्समध्ये सिनेमाच्या प्रतिष्ठेचा प्रश्न निराळ्या वाटेने सुटला होता. तिथेही सुरुवातीला चलच्चित्र हा जत्रेतला खेळ समजला जाई. १९०८ मध्ये ‘फिल्म दार’ या संस्थेने कोमेदी-फ्रान्सेझ या मान्यवर नाट्यगृहाच्या नटनट्यांना घेऊन ‘ड्यूक ऑफ गीझची हत्या’ हा चित्रपट काढला. १९१२ मध्ये सारा बर्नार्ड ही साठी ओलांडलेली, जगप्रसिद्ध नटी राणी एलिझाबेथच्या भूमिकेत पडद्यावर आली. रंगभूमीवरच्या नामवंत स्त्रियांनी आपली प्रतिष्ठा सिनेमाला उसनी दिली. मराठीत ही सोय नव्हती, कारण इथल्या रंगभूमीची सर्वांत नामवंत ‘स्त्री’ पुरुष होती. नाटकाकडून सिनेमाला नट मिळाले, संगीत मिळाले, कथा मिळाल्या, पण नायिका मिळाली नाही.

मूकपटांच्या काळात ही उणीव दोन मार्गांनी भरून निघाली. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने ‘सैरंध्री’ (१९२०) मध्ये गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांना घेतले आणि पडद्यासाठी त्यांची नावे कमलादेवी आणि सुशीलादेवी अशी ठेवली. नाव बदलण्यामागे समाजाची भीती होती, तशी बाजाराची समजही होती. मुंबईत आणि कलकत्त्यात अँग्लो-इंडियन व ज्यू मुली पुढे आल्या. टेलिफोन ऑपरेटरची नोकरी करणारी रूबी मायर्स ‘सुलोचना’ झाली, रेनी स्मिथ ‘सीतादेवी’ झाली. मूकपटात ओठ हलले तरी पुरे होते, त्यामुळे नायिकेला कोणती भाषा येते हे कोणी विचारत नसे.

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक थिएटरात ‘आलम आरा’ लागला आणि हे गणित फिरले. आता नायिकेला स्वच्छ बोलता येणे आवश्यक झाले आणि गाताही यावे लागले. सुलोचनासारख्या आघाडीच्या नटीला काम थांबवून हिंदुस्थानी शिकावी लागली. शुद्ध उच्चार, थोडीफार गाण्याची तालीम आणि चारचौघांत वावरण्याचा आत्मविश्वास हे सगळे एका ठिकाणी सापडेल अशी बाई कंपन्या शोधू लागल्या. अशा बाया शहरातल्या शिकलेल्या घरांत होत्या, आणि नेमक्या त्याच घरांना सिनेमाचे वावडे होते.

दुर्गा खोटे अशाच घरातल्या. जन्म १४ जानेवारी १९०५ चा, मुंबईचा. माहेरचे नाव विठा लाड. वडील पांडुरंग लाड सॉलिसिटर होते. घराणे मूळचे गोव्याकडचे सारस्वत, मुंबईत चांगले स्थिरावलेले. शिक्षण कॅथीड्रल स्कूलमध्ये आणि मग सेंट झेवियर्स कॉलेजात झाले. त्या काळच्या मराठी मुलीच्या मानाने हे शिक्षण फारच वरच्या थरातले होते. विशीच्या आत विश्वनाथ खोटे यांच्याशी लग्न झाले. ते इंजिनियर होते आणि खोटे कुटुंब धनाढ्य होते. बकुल आणि हरिन अशी दोन मुले झाली. पुढे खोट्यांची आर्थिक स्थिती पार ढासळली, आणि दोन मुलांच्या आईवर स्वतः कमावण्याची वेळ आली. दुर्गाबाई सिनेमात आल्या त्या हौसेने किंवा कलेच्या ओढीने नव्हे, पैशांच्या गरजेने. आपल्या ‘मी, दुर्गा खोटे’ या आत्मचरित्रात त्यांनी ही गोष्ट आडपडदा न ठेवता सांगितली आहे. त्यांच्याविषयी लिहिणाऱ्यांनी मात्र पुष्कळदा तिच्यावर कलाप्रेमाची झालर लावली.

संधी चालून आली ती मोहन भवनानी यांच्या ‘फरेबी जाल’ (१९३१) या चित्रपटातून. मूकपट मागे पडत होते, बोलपटाचे तंत्र अजून हाती आले नव्हते, आणि मधल्या घाईच्या काळात असे अर्धेकच्चे चित्रपट निघत होते. दुर्गाबाईंच्या वाट्याला त्यात छोटेसेच काम होते. चित्रपट सुमार निघाला. त्याहून वाईट झाले ते जाहिरातींमुळे. भूमिका चिमूटभर, पण प्रसिद्ध सॉलिसिटर लाडांची कन्या आणि खोटे घराण्याची सून पडद्यावर येत आहे, याचाच गाजावाजा करण्यात आला. निर्मात्याने घेतले होते अभिनेत्रीला, विकायला काढले तिच्या घराण्याचे नाव. मुंबईच्या मराठी समाजात टीकेची राळ उठली. सासर-माहेर दोन्हीकडच्या लोकांना तोंड दाखवणे कठीण झाले आणि दुर्गाबाईंनी सिनेमाचा विचार सोडून दिल्यासारखाच होता.

त्याच सुमारास कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी आपल्या पहिल्या बोलपटाची तयारी करत होती. विष्णुपंत दामले, एस. फत्तेलाल, व्ही. शांताराम, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांनी १ जून १९२९ रोजी ही कंपनी काढली होती. भागीदारांपैकी बहुतेक जण बाबूराव पेंटरांच्या हाताखाली तयार झालेले. बोलपट हे चार दिवसांचे फॅड आहे असे शांतारामांचे सुरुवातीचे मत होते. ‘आलम आरा’चे यश पाहिल्यावर ते बदलले आणि प्रभातने हरिश्चंद्राची कथा निवडली. फाळक्यांनी जिथून आरंभ केला, तिथूनच मराठी बोलपटानेही करावा यात भक्तिभावाइतकाच व्यवहार होता. कथा सर्वांना पाठ असल्यामुळे ध्वनी थोडा अस्पष्ट आला तरी प्रेक्षक वाट चुकणार नव्हता.

हरिश्चंद्राच्या भूमिकेसाठी आणि संगीतासाठी गोविंदराव टेंबे होते, तारामतीसाठी दुर्गा खोटे यांना विचारण्यात आले. गंधर्व नाटक मंडळीच्या तीन संस्थापकांपैकी टेंबे हे एक. ज्या परंपरेने स्त्रीपार्टाला देव्हाऱ्यात बसवले, तिच्यातला हा माणूस आता खऱ्या स्त्रीसमोर हरिश्चंद्र म्हणून उभा राहणार होता. टेंबे यांच्यासारखी बुजुर्ग व्यक्ती सोबत असणे हे घरच्यांच्या दृष्टीनेही मोठे आश्वासन होते. ‘फरेबी जाल’चा अनुभव ताजा असताना दुर्गाबाईंनी होकार दिला, यात परिस्थितीचा रेटा होता तसा प्रभातच्या नावलौकिकाचाही वाटा होता. कोल्हापूरची ही कंपनी शिस्तीसाठी ओळखली जात होती.

त्या काळी बोलपटाचे चित्रण कसे चाले हे पाहिल्याशिवाय या भूमिकेतली मेहनत कळत नाही. पार्श्वगायन अजून आले नव्हते. ते रूढ होऊ लागले १९३५ नंतर. त्यामुळे गाणे आणि चित्र एकाच वेळी टिपले जाई. मायक्रोफोन चौकटीच्या वर किंवा एखाद्या वस्तूच्या आड लपवलेला असे आणि त्याच्या टप्प्यात राहूनच चालायचे, वळायचे, रडायचे. पेटीवाला, तबलजी आणि सारंगिये कॅमेऱ्याला दिसणार नाहीत असे दडून साथ करत. प्रखर दिव्यांची धग अंगावर घेत संवाद, सूर आणि चेहऱ्यावरचा भाव एका दमात साधावे लागत. सूर हलला, साथीदाराच्या हातून काही पडले किंवा बाहेर कुत्रे भुंकले तरी सगळे पुन्हा पहिल्यापासून. हे सारे मराठीत पार पडले की तोच प्रसंग, त्याच कपड्यांत, त्याच नेपथ्यावर हिंदीतून करायचा. प्रभातने हा चित्रपट ‘अयोध्येचा राजा’ आणि ‘अयोध्या का राजा’ अशा दोन आवृत्त्यांत काढला. छोटेसे काम केलेल्या नवशिक्या स्त्रीला पहिल्याच मोठ्या भूमिकेत दोन भाषांत अभिनय आणि गायन दोन्ही करावे लागले.

मराठी आवृत्ती ६ फेब्रुवारी १९३२ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक थिएटरात प्रदर्शित झाली. ‘आलम आरा’ही याच थिएटरात लागला होता. ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट मानला जातो. मास्टर विनायक यांनी नारद आणि बाबूराव पेंढारकर यांनी गंगानाथ ही भूमिका केली. या चित्रपटातली तारामती केवळ पतीच्या मागे डोळे पुसत जाणारी नाही. दासी म्हणून विकली गेल्यावर गंगानाथाच्या घरी तिच्यावर प्रसंग ओढवतो, तिच्या बचावाला धावलेला तिचा मुलगा रोहिदास मारला जातो, आणि त्या खुनाचा आळ तिच्यावरच येतो. रूढ कथेतल्या सर्पदंशाच्या जागी घातलेल्या या बदलामुळे अखेरचा संघर्ष तारामतीभोवती फिरू लागला. दुर्गाबाईंची उंच, ताठ अंगकाठी, स्पष्ट शब्दफेक आणि दुःखातही न वाकणारी मान या भूमिकेला नेमकी शोभली. आजच्या नजरेला त्यातला नाटकी ढंग जाणवतो. पण अण्णा साळुंक्यांची तारामती पडद्यावर आल्याला तेव्हा विसाव्या वर्षाचाही पल्ला पुरा झाला नव्हता.

चित्रपट गाजला आणि टीका करणाऱ्यांची तोंडे बरीचशी बंद झाली. ‘फरेबी जाल’मध्ये घराण्याचे नाव पुढे करून तिकिटे खपवण्याचा खटाटोप झाला होता, इथे भूमिकेने ते काम केले. पुराणातल्या पतिव्रतेचे पात्र असल्यामुळे शिष्ट प्रेक्षकाला अभिनेत्रीकडे आदराने पाहणे सोपे गेले, हेही खरे. तारामतीऐवजी एखादी सामाजिक नायिका असती, तर हे कदाचित इतक्या सहज घडले नसते.

दोन भाषांत चित्रपट काढण्याच्या पद्धतीचा विचार मराठवाड्याच्या बाजूने करण्यासारखा आहे. उदाहरणार्थ, तिथला परभणी जिल्हा त्या काळी निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. घरात, शेतात आणि बाजारात मराठी, तर कचेरीत, कोर्टात आणि वरच्या वर्गांच्या शिक्षणात उर्दू, अशी इथली रीत. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच होते. विसाव्या शतकाच्या आरंभी मनमाड–सिकंदराबाद रेल्वेमार्ग परभणीवरून गेला आणि हा मुलूख एकीकडे मुंबईकडच्या वाटेला, दुसरीकडे हैदराबादला जोडला गेला. मराठी कथा, हिंदुस्थानी संवाद आणि दोन्ही भाषांत तीच नायिका, अशा चित्रपटाला असा दुभाषी प्रदेश साहजिकच जवळचा होता. केवळ ब्रिटिश मुलखातल्या मराठी प्रेक्षकावर कोल्हापूरच्या कंपनीचा खर्च निघणे अवघड होते. दुसऱ्या भाषेतली आवृत्ती ही तिची गरज होती, आणि दोन्ही भाषा नीट बोलू शकणारी नायिका हे तिचे भांडवल.

प्रभातचा पुढचा ‘माया मच्छिंद्र’ही १९३२ चाच. कथा नवनाथांच्या परंपरेतली. ‘नवनाथ भक्तिसार’ ही पोथी श्रावणात घरोघर वाचली जाते. गोदावरीकाठच्या गावांनाही मच्छिंद्रनाथ, गोरखनाथ आणि स्त्रीराज्याची कथा काही नवी नव्हती. दुर्गाबाईंनी या चित्रपटात पुरुषद्वेष्ट्या स्त्रीराज्याची राणी किलोतळा रंगवली. गोविंदराव टेंबे मच्छिंद्रनाथ होते, मास्टर विनायक गोरखनाथ. राणीच्या पायाशी पाळलेला चित्ता बसवून शांतारामांनी तिचा दरारा एका नजरेत दाखवला. सोशिक तारामतीपाठोपाठ त्याच वर्षी हुकूम सोडणारी राणी वाट्याला आल्याने दुर्गाबाई एका साच्यात अडकल्या नाहीत. त्यांच्या व्यक्तिमत्त्वाला खरे तर किलोतळाच अधिक जुळणारी होती.

त्या काळच्या चित्रपटधंद्यात कलावंत कंपनीचा पगारी नोकर असे. महिन्याचा पगार ठरलेला, काम असो वा नसो स्टुडिओत हजेरी, आणि करार असेपर्यंत दुसऱ्या कंपनीचे नाव काढायचे नाही. ही पद्धत सुरक्षित होती पण जाचकही. प्रभातमध्ये एवढे यश मिळाल्यावर तिथेच राहणे दुर्गाबाईंना सोयीचे होते. त्यांनी तसे केले नाही. चित्रपटागणिक करार करून वेगवेगळ्या कंपन्यांत काम करायचे, असा मार्ग त्यांनी धरला, आणि असे करणाऱ्या भारतातल्या पहिल्या काही नटनट्यांत त्यांची गणना होते. पोटासाठी या धंद्यात आलेल्या बाईने हा हिशेब मांडला हे ध्यानात घेण्यासारखे आहे. पगारावर बसून राहिल्याने बाजारातली किंमत ठरत नाही, हे त्यांनी लवकर ओळखले.

या निर्णयाने त्या कलकत्त्याला गेल्या. न्यू थिएटर्सच्या ‘राजरानी मीरा’ (१९३३) मध्ये त्या मीरा झाल्या. दिग्दर्शक देवकी बोस. पृथ्वीराज कपूर आणि कुंदनलाल सैगलही त्यात होते. पाठोपाठ ईस्ट इंडिया फिल्म कंपनीसाठी देवकी बोस यांनीच ‘सीता’ (१९३४) काढला, त्यात पृथ्वीराज राम आणि दुर्गाबाई सीता. हा चित्रपट १९३४ च्या व्हेनिस महोत्सवात दाखवला गेला. आंतरराष्ट्रीय महोत्सवात पोहोचलेल्या अगदी सुरुवातीच्या भारतीय चित्रपटांत त्याचा समावेश होतो. कोल्हापूर आणि कलकत्ता ही दोन्ही ठिकाणे तेव्हा भारतीय सिनेमाची विद्यापीठे होती. प्रभातमध्ये चौकट, नेपथ्य आणि वेग यांवर भर असे, तर देवकी बोस यांच्याकडे संथ, आतल्या आत झिरपणाऱ्या भावाला महत्त्व होते. दोन्हींकडची तालीम घेतलेली मराठी अभिनेत्री त्या पिढीत विरळाच.

१९३३ मध्ये प्रभात पुण्याला आली. तिच्या स्टुडिओच्या जागेत पुढे फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. याच पुण्यातल्या प्रभातमध्ये दुर्गाबाई ‘अमरज्योती’ (१९३६) साठी परतल्या. बायकोला स्वतःच्या मुलावरही हक्क न देणाऱ्या कायद्याविरुद्ध उठलेली आणि समुद्रावर चाचेगिरी करणारी सौदामिनी ही त्यांची भूमिका. समोर दुर्जय म्हणून चंद्रमोहन, आणि तरुण नायिका शांता आपटे. आज या चित्रपटातली भाषणे लांबलचक वाटतात, समुद्रही स्टुडिओतला आहे हे लपत नाही. पण दोन मुलांची आई असलेली, तिशी उलटलेली अभिनेत्री एका चित्रपटाच्या केंद्रस्थानी सशस्त्र बंडखोर म्हणून उभी राहते, हे १९३६ मध्ये फार धाडसाचे होते. हिंदी चित्रपटाने ही वाट पुढे फारशी चालवली नाही. हाही चित्रपट व्हेनिसला गेला.

दुर्गाबाईंच्या पाठोपाठ शिकलेल्या मराठी स्त्रियांची रांग लागली असे म्हणणे अतिशयोक्त होईल, पण वाट रुळली हे निश्चित. रंगभूमीवर १ जुलै १९३३ रोजी नाट्यमन्वंतर या नाट्यसंस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक केले आणि त्यात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. म्हणजे या बाबतीत नाटक सिनेमाच्या मागून आले. पदवीधर लीला चिटणीस आल्या आणि जाहिरातवाल्यांनी त्यांच्या पदवीचे तसेच भांडवल केले, जसे पूर्वी लाड-खोटे या नावांचे केले होते. मुंबईच्या शोभना समर्थ आल्या, ग्वाल्हेरच्या वनमाला आल्या. शांता आपटे यांनी कंपनीशी झालेल्या वादातून १९३९ मध्ये प्रभातच्या फाटकावर उपोषण केले आणि पुढच्याच वर्षी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून या धंद्यातली पिळवणूक उघड केली. दुर्गाबाईंनी पगारी नोकरी टाळून जो प्रश्न वैयक्तिक पातळीवर सोडवला, तो शांताबाईंनी चव्हाट्यावर आणला. दुर्गाबाईंना घराण्याची प्रतिष्ठा, इंग्रजी शिक्षण आणि कराराची भाषा यांचा आधार होता. सगळ्याच जणींना तो नव्हता.

हंसा वाडकर यांचे उदाहरण इथे बोलके आहे. दुर्गाबाईंपेक्षा अठरा वर्षांनी लहान असलेल्या हंसाबाईंनी किशोरवयातच घर चालवण्यासाठी काम सुरू केले. साळगावकर हे घराण्याचे नाव पडद्यावर नको म्हणून त्यांनी वाडकर हे नाव घेतले. लाड-खोटे ही नावे जाहिरातीत मिरवली गेली, साळगावकर हे नाव लपवावे लागले. दोन्हींचे मूळ एकच. ‘संत सखू’ (१९४१) ने हंसाबाईंना मान मिळवून दिला आणि १९४९ च्या ‘संत जनाबाई’मध्ये त्यांनी परभणी जिल्ह्यातल्या गंगाखेडची जनाबाई रंगवली. तारामतीपासून जनाबाईपर्यंत सती, राणी आणि संत हीच मराठी पडद्यावर अभिनेत्रीला आदर मिळवून देणारी रूपे राहिली.

दशक संपता संपता दुर्गाबाई निर्मितीत उतरल्या. ‘साथी’ (मराठीत ‘सवंगडी’) हा त्यांच्या निर्मितीचा चित्रपट. निर्मातेपण स्वीकारणाऱ्या भारतीय स्त्रिया तेव्हा बोटांवर मोजण्याइतक्या होत्या. या चित्रपटाने मोठे नाव केले नाही, पण निर्मितीचा धागा त्यांनी सोडला नाही. अनेक वर्षांनंतर त्यांच्या दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सने लघुपट आणि जाहिरातपट काढले, आणि १९८८ मध्ये दूरदर्शनवर गाजलेली ‘वागले की दुनिया’ ही मालिकाही याच संस्थेची.

पहिल्या दहा वर्षांचा शेवट ‘पायाची दासी’ (हिंदीत ‘चरणों की दासी’, १९४१) या चित्रपटाने होतो. लेखन-निर्मिती आचार्य अत्रे यांची, दिग्दर्शन गजानन जागीरदार यांचे. वनमाला सून आणि दुर्गाबाई तिचा छळ करणारी सासू. तारामती, मीरा आणि सीता केलेल्या अभिनेत्रीने छत्तिसाव्या वर्षी खाष्ट सासू होणे हा धोका होता. नायिकेचे वय सरले की काम थांबायचे, हाच त्या काळचा शिरस्ता. दुर्गाबाईंनी मात्र घरातला अधिकार, असूया आणि बोचरा विनोद यांनी ही सासू अशी उभी केली की चित्रपट तिचाच झाला. बेंगॉल फिल्म जर्नलिस्ट्स असोसिएशनने उत्कृष्ट अभिनेत्री म्हणून त्यांचा गौरव केला. पुढच्या वर्षी विजय भट्ट यांच्या ‘भरत मिलाप’मध्ये त्या कैकेयी झाल्या आणि सीतेची भूमिका शोभना समर्थ यांच्याकडे गेली. इथून पुढे त्यांच्या कारकिर्दीला चरित्र-अभिनेत्रीचे वळण लागले आणि ते जवळपास चाळीस वर्षे टिकले.